अर्धवट घराचा राजा

होमरच्या ‘इलियड’मध्ये सुमारे १५,७०० ओळी आहेत. त्यांतल्या १६ ओळी फिलाकेच्या राजाच्या वाट्याला आल्या आहेत, आणि त्याही मरणानंतरच्या. काव्य सुरू होतं तेव्हा ट्रॉयच्या युद्धाचं दहावं वर्ष चालू आहे. हा राजा पहिल्याच दिवशी पडलेला. त्याच्या तोंडी एक वाक्य नाही. त्याच्या हातून एक वार झालेला आपल्याला दिसत नाही. त्याचं नाव प्रोटेसिलाओस. ट्रॉयच्या किनाऱ्यावर पहिली उडी घेणारा ग्रीक तो, आणि ती उडी पुरी होते न होते तोच मारला गेला.

ट्रॉयच्या कथेतली मोठी माणसं आपल्या परिचयाची असतात: अकिलीसचा राग, हेक्टरचा निरोप, ओडिसियसची हुशारी. प्रोटेसिलाओसकडे यांतलं काहीच नाही. तरी त्याच्या थडग्यापाशी पुढे देऊळ उभं राहिलं, त्या देवळाच्या लुटीपायी एका इराणी सुभेदाराला किनाऱ्यावर फळीला ठोकून मारण्यात आलं, आणि आशियावर चाल करून निघालेल्या अलेक्झांडरने सामुद्रधुनी ओलांडण्याआधी इथे बळी दिला. एवढं सगळं एका उडीवर उभं आहे. ते कसं उभं राहिलं, हे पाहण्यासारखं आहे.

सुरुवात दुसऱ्या सर्गातल्या आरमाराच्या यादीपासून करावी लागते. आजचा वाचक ही यादी बहुधा चाळून पुढे जातो. २९ तुकड्या, अकराशेच्या वर गलबतं, गावांची नावंच नावं. मूळ श्रोत्यांसाठी मात्र तो उत्कंठेचा भाग असणार, कारण प्रत्येक जण आपल्या मुलखाचं नाव कधी येतं याची वाट बघत असे. थेसालीच्या दक्षिण भागातल्या पाच गावांची पाळी येते: फिलाके, देमेतर देवीचं फुलांनी बहरलेलं पिरासस, मेंढरांचं इटोन, समुद्राकाठचं आंत्रोन, गवताळ प्तेलेओस. गलबतं ४०. ओडिसियसकडे १२च होती, अकिलीसकडे ५०. म्हणजे फिलाकेचा राजा बळाने अगदीच किरकोळ नव्हता. किरकोळ ठरला तो कथेत.

आणि तिथेच होमर सूर बदलतो. हे सैन्य प्रोटेसिलाओस जिवंत होता तोवर त्याच्या हाताखाली होतं, असं सांगून तो त्याला काळ्या मातीच्या स्वाधीन करतो. मागे फिलाकेत त्याची बायको दोन्ही गाल ओरबाडून घेऊन बसली आहे आणि घर अर्धवट राहिलं आहे. कुणा एका दार्दानियन योद्ध्याने त्याला तो जहाजातून उडी मारत असतानाच मारलं. आता त्याचा धाकटा भाऊ पोडार्केस नेतृत्व करतो. सैन्याला म्होरक्या आहे, तरी माणसांना त्या पहिल्याची उणीव भासते. आणि यादी पुढच्या गावाकडे सरकते.

या ओळींतलं ‘अर्धवट घर’ प्राचीन टीकाकारांनाही अडवून गेलं होतं. नव्या जोडप्यासाठी बांधायला घेतलेली खोली पुरी झाली नाही, असा एक अर्थ. मूल झालं नाही, वंश तसाच राहिला, असा दुसरा. मला वाटतं, होमरला दोन्ही हवे असावेत. युद्धात किती माणसं मेली हे सांगायला त्याच्याकडे पुढे हजारो ओळी आहेत. युद्धाने घरी काय ठेवलं हे तो इथे एका बांधकामात सांगून मोकळा होतो.

मारणाऱ्याचं नाव त्याने दिलेलं नाही, हेही लक्षात ठेवण्याजोगं आहे. ट्रॉयच्या कथाचक्रात ‘किप्रिया’ नावाचं दुसरं महाकाव्य होतं. त्याचे थोडे तुकडे आणि एक गद्य गोषवारा एवढंच उरलं आहे. त्यात प्रोटेसिलाओसला हेक्टरने मारलं असं स्पष्ट म्हटलेलं आहे. होमरला ही कथा ठाऊक असली-नसली, पुढे तो हेक्टरला आणि प्रोटेसिलाओसला समोरासमोर आणतोच. फक्त तेव्हा प्रोटेसिलाओसच्या जागी त्याचं गलबत असतं.

हा भाग बारकाईने पाहायला हवा, कारण इलियडचं सारं कथानक याच गलबतापाशी वळतं. ग्रीकांनी जहाजं किनाऱ्यावर ओढून रांगा केल्या होत्या. जागा अपुरी होती, म्हणून जी आधी लागली ती सर्वांत आत, ट्रॉयच्या मैदानाच्या बाजूला ओढली गेली, आणि त्यांच्या पाठीशी तटबंदी बांधली गेली. पहिली उडी घेणाऱ्या राजाचं जहाज अर्थातच पुढच्या रांगेत. तेराव्या सर्गात होमर सांगून ठेवतो की एजॅक्सची आणि प्रोटेसिलाओसची जहाजं जिथे होती तिथेच तट सगळ्यात ठेंगणा होता. म्हणजे शत्रू आत घुसला तर कुठून घुसेल, हे कवीने आधीच ठरवलेलं आहे.

अकिलीस रागावून तंबूत बसलेला. ग्रीक मार खात मागे हटत आहेत. पंधराव्या सर्गात आपल्याला कळतं की झ्यूस एकाच गोष्टीची वाट पाहतो आहे: एखाद्या जळत्या जहाजाची झळाळी. ती दिसली की ट्रॉयकरांची सरशी संपवायची आणि पारडं ग्रीकांकडे झुकवायचं. हेक्टर पुढे येतो, एका गलबताची वरवंडी घट्ट धरतो आणि आग मागवतो. ते गलबत प्रोटेसिलाओसचं. त्याने आपल्या धन्याला ट्रॉयला आणलं, परत मात्र नेलं नाही, अशी आठवण होमर नेमकी याच क्षणी करून देतो. एजॅक्स लांबलचक भाला घेऊन या जहाजावरून त्या जहाजावर उड्या मारत आग अडवतो आहे. शेवटी हेक्टर त्याच्या भाल्याचं पातं तोडतो आणि जहाज पेटतं. धूर पाहून अकिलीस मांडीवर थाप मारून आपल्या जिवलग सोबत्याला, पाट्रोक्लसला, घाई करायला सांगतो. पाट्रोक्लस अकिलीसचं चिलखत घालून निघतो, आणि त्याचा पहिला भाला याच जहाजाच्या वरवंडीपाशी जाऊन पडतो.

तिथून पुढचं सगळं अटळ आहे. पाट्रोक्लस हेक्टरच्या हातून पडणार, त्याच्या सुडासाठी अकिलीस उठणार, हेक्टर मरणार. आग विझवली जाते तेव्हा ते जहाज अर्धं जळून तसंच उरतं. घरही अर्धं, गलबतही अर्धं. हा योगायोग आहे असं मला वाटत नाही. होमरने आपल्या सर्वांत अल्पायुषी राजाची आठवण युद्धाच्या सर्वांत निर्णायक जागी ठेवली आहे, आणि ते त्याने जिवंत माणसाला एकदाही न आणता साधलं आहे.

भविष्यवाणीची गोष्ट होमरमध्ये नाही. ती नंतरच्या लेखकांत येते: जो ट्रॉयच्या जमिनीला पहिला पाय लावेल तो पहिला मरेल, असं आधीच सांगितलं गेलं होतं, म्हणून सगळे राजे जहाजांत थबकले आणि प्रोटेसिलाओस मात्र समजून-उमजून उतरला. एका उत्तरकालीन लॅटिन कवितेत ओडिसियसने आपली ढाल आधी खाली टाकली आणि तिच्यावर उडी घेऊन भविष्य चुकवलं, असंही येतं. या भरीमुळे प्रोटेसिलाओस स्वेच्छेने प्राण देणारा हुतात्मा होतो, आणि लोकांना तो तसाच आवडला. मला स्वतःला होमरचा प्रोटेसिलाओस जास्त भिडतो. त्याला काही ठाऊक नाही. लग्न नुकतं झालेलं, घराचं काम चालू, वाऱ्याने साथ दिली आणि किनारा आला. घाईने उतरला एवढाच त्याचा पराक्रम. युद्धात पहिला बळी बहुधा असाच जातो.

त्याच्या बायकोला मात्र होमरनंतरच्या कवींनी सोडलं नाही. किप्रियात ती मेलेआगरची मुलगी पोलिडोरा. बाकी सगळीकडे इओल्कसच्या अकास्टसची मुलगी लाओदामिया. ओव्हिडने तिच्या नावे नवऱ्याला पत्रच लिहिलं आहे. त्यात ती त्याला विनवते की हजार जहाजांत तुझं हजारावं असू दे. आणि तो परतेपर्यंत ती त्याच्या मेणाच्या पुतळ्याशी बोलते. युरिपिडीसने प्रोटेसिलाओसवर नाटक लिहिलं होतं, पण त्याचे काही तुकडेच उरले आहेत. कथा अनेक ठिकाणी थोड्या-थोड्या फरकाने येते. देवांना दया येते आणि हर्मीस प्रोटेसिलाओसला पाताळातून वर आणतो. हिजिनसच्या कथासंग्रहात ही मुदत तीन तासांची आहे. नवरा ट्रॉयहून सुखरूप परतला असं समजून लाओदामिया आनंदते, आणि मुदत संपल्यावर तो पुन्हा जातो तेव्हा ती जीव देते. दुसऱ्या एका रूपात ती पुतळ्याला घट्ट धरून बसलेली नोकराला दिसते, बाप तो पुतळा जाळायला लावतो आणि ती त्याच आगीत उडी घेते.

रोमन कवी कॅटलसने या कथेचा वेगळाच उपयोग केला. त्याचा भाऊ ट्रॉयच्या परिसरात मरण पावला आणि तिथेच पुरला गेला. आपल्या एका दीर्घ कवितेत तो लाओदामियाच्या प्रेमाबद्दल लिहीत असतो आणि मध्येच भावाकडे वळतो. होमरचं अर्धवट घर त्याच्याकडेही आहे, पण तो त्याला कारण देतो: देवांना यज्ञबळी देण्याआधीच ते घर सुरू केलं होतं. दुसऱ्या शतकातल्या रोमन शवपेट्यांवर ही सगळी कथा कोरलेली सापडते. त्यांतली एक व्हॅटिकनच्या संग्रहालयात आहे. ज्या घरात माणूस गेला त्या घराने ही गोष्ट का निवडली असेल, हे वेगळं सांगायला नको. गेलेला माणूस घटकाभर परत आला, अशा गोष्टी ग्रीकांकडे फार नाहीत.

पण प्रोटेसिलाओसचं खरं मरणोत्तर आयुष्य घडलं ते त्याच्या थडग्यापाशी. हेलेस्पाँट, म्हणजे आजची डार्डानेल्स सामुद्रधुनी, जिथे एजियन समुद्राला मिळते तिथे युरोपच्या बाजूला गॅलिपोली द्वीपकल्पाचं टोक येतं. तिथे एलायुस नावाचं ग्रीक गाव होतं आणि तिथे त्याचा टेकाडवजा दफनढीग दाखवत. पॉसानियसने तर सगळं गावच त्याला वाहिलेलं होतं असं लिहिलं आहे. ग्रीक धर्मात वीरपूजा देवपूजेहून वेगळी असे. वीर हा मेलेला माणूस, त्याची सत्ता त्याच्या थडग्याभोवती, त्याच्यासाठी अर्घ्य जमिनीत ओतायचं. आपल्या गावांच्या वेशीवर वीरगळ असतो आणि लोक त्याला शेंदूर लावतात, त्याच्याजवळ जाणारी ही भावना. फक्त ग्रीकांकडे तिच्याभोवती सोन्याचांदीची भांडी, वस्त्रं आणि जमिनीचं उत्पन्न गोळा होई.

या उत्पन्नावर आर्ताइक्टेसची नजर गेली. तो इराणी बादशहा झर्क्सीसचा सेस्टोस भागातला सुभेदार. हेरोडोटस सांगतो की त्याने बादशहाकडे मोठ्या चलाखीने मागणी केली: इथे एका ग्रीकाचं घर आहे, त्याने आपल्या मुलखावर हल्ला केला आणि तो मेला, ते घर मला द्या, म्हणजे पुढे कुणी अशी हिंमत करणार नाही. झर्क्सीसला घर म्हणजे घर वाटलं, त्याने देऊन टाकलं. पण यात एक गोष्ट खरीही होती. इराण्यांच्या दृष्टीने सारा आशिया त्यांचा, मग ट्रॉयवर उतरलेला पहिला ग्रीक हा त्यांच्याच भूमीवरचा पहिला हल्लेखोर ठरत होता. आर्ताइक्टेसने देवळातला खजिना सेस्टोसला नेला, देवळाच्या जमिनीत पेरणी केली आणि गाभाऱ्यात बायका आणल्या.

इ. स. पू. ४७९ मध्ये इराणी फौजा ग्रीसमधून हटल्या आणि अथेन्सच्या आरमाराने सेस्टोसला वेढा घातला. सेनापती झांथिप्पस, पेरिक्लीसचा बाप. आतली उपासमार इतकी झाली की लोक पलंगांचे चामडी पट्टे उकडून खाऊ लागले. आर्ताइक्टेस रात्री मागच्या बाजूने तट उतरून पळाला आणि इगोस्पोटामीजवळ मुलासह पकडला गेला. त्याच्या पहाऱ्यावरचा एक शिपाई खारवलेले मासे भाजत होता. निखाऱ्यांवरचे ते मासे ताज्या मासळीसारखे उड्या मारू लागले. बघे चकित झाले. आर्ताइक्टेसला मात्र अर्थ कळला: हा इशारा शिपायासाठी नसून आपल्यासाठी आहे, प्रोटेसिलाओस मेलेला आणि खारवलेल्या मासळीसारखा सुकलेला असला तरी अपराध्याला शिक्षा करण्याची ताकद त्याच्यात आहे. त्याने देवळाची भरपाई म्हणून १०० टॅलेंट आणि स्वतःच्या व मुलाच्या जीवासाठी २०० टॅलेंट देऊ केले. एक टॅलेंट म्हणजे सुमारे २६ किलो चांदी. एलायुसच्या लोकांना त्याचा जीवच हवा होता, आणि झांथिप्पसचंही मन तिकडेच होतं. झर्क्सीसने सामुद्रधुनीवर बांधलेला पूल जिथे किनाऱ्याला टेकला होता त्या जागी त्याला फळीला ठोकून टांगलं, आणि त्याच्या डोळ्यांदेखत मुलाला दगडांनी मारलं.

हेरोडोटसचा ग्रंथ यानंतर दोन-तीन छोट्या परिच्छेदांत संपतो. ही शिक्षा त्याने सुखान्त म्हणून मांडलेली नाही. मुलाचं मरण तो जसं सांगतो त्यात समाधानाचा लवलेश नाही. पण जागा त्याने जाणून निवडली आहे. त्याच्या ग्रंथाची सुरुवात आशिया आणि युरोप यांच्यातल्या जुन्या अपहरणांपासून आणि ट्रॉयच्या युद्धापासून होते, आणि शेवट होतो त्या युद्धात पहिल्यांदा आशियात पाय ठेवणाऱ्याच्या थडग्यापाशी. होमरने ज्याला मारणाऱ्याचंही नाव दिलं नाही, तो हेरोडोटसकडे दोन खंडांमधल्या वैराचा साक्षीदार झाला.

अलेक्झांडरला हे सगळं चांगलंच ठाऊक असणार. इ. स. पू. ३३४ मध्ये त्याचं बहुतेक सैन्य सेस्टोसवरून पलीकडे गेलं. तो स्वतः मुद्दाम एलायुसला आला. आरियन लिहितो की आपलं उतरणं प्रोटेसिलाओसपेक्षा भाग्याचं व्हावं म्हणून त्याने इथे बळी दिला. मग सामुद्रधुनीच्या मध्यावर पोसायडनला बैल अर्पण करून तो पलीकडे गेला आणि चिलखतासह सर्वांत आधी किनाऱ्यावर उतरला.

थडग्याभोवतीच्या झाडांबद्दलही बरंच लिहिलं गेलं. प्लिनीच्या मते ती ट्रॉय दिसण्याइतकी उंच झाली की वाळत आणि पुन्हा वाढू लागत. वर्ड्स्वर्थने १८१५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘लाओदामिया’ कवितेचा शेवट याच झाडांवर केला. तिसऱ्या शतकातल्या फिलोस्ट्रॅटसने तर त्यांच्या सावलीत संपूर्ण संवाद घडवला आहे. त्यात वाऱ्याची वाट बघत थांबलेला एक फिनिशियन व्यापारी आणि तिथला द्राक्षमळेवाला बोलतात. मळेवाला सांगतो की प्रोटेसिलाओस आपल्याकडे येतो, वेलींची काळजी घ्यायला शिकवतो, दुखणी बरी करतो, आणि ट्रॉयच्या युद्धात खरं काय घडलं ते होमरच्या चुका दुरुस्त करत सांगतो. सोळा ओळींत आटोपलेल्या राजाने कित्येक शतकांनी कवीला दुरुस्त करावं, ही कल्पना मला फार आवडते. त्याला शेवटी बोलायला मिळालं, आणि बोलायला मिळाल्यावर तो वेलींच्या छाटणीबद्दलही बोलला.

हे टेकाड अजून आहे. १८८२ मध्ये हाइनरिख श्लीमानने तिथे खणायला सुरुवात केली, पण तुर्की लष्करी अधिकाऱ्यांनी ते लवकरच थांबवलं. पहिल्या महायुद्धात, २५ एप्रिल १९१५ रोजी, याच टोकावर, सेद्दुलबहिरच्या किनाऱ्याला, ब्रिटिशांनी ‘रिव्हर क्लाइड’ नावाचं जहाज मुद्दाम वाळूत रुतवलं आणि त्यातून उतरणाऱ्या पहिल्या तुकड्या मशीनगनच्या माऱ्यात कापल्या गेल्या. पुढच्या महिन्यांत भारतीय पलटणीही इथे लढल्या. जवळच्या हेलेस स्मारकावर त्यांच्या जवानांची नावं आहेत. फ्रेंच सैन्याच्या खंदकांत एलायुसची प्राचीन दफनभूमी लागली आणि तोफा चालू असतानाच तिचं उत्खनन सुरू झालं. युद्धानंतर रोबेर दमांजेल याने प्रोटेसिलाओसचा म्हणवला जाणारा ढीगही खणला.

आत कुठल्याही राजाची कबर नव्हती. तो होता एका प्रागैतिहासिक वस्तीचा ढिगारा, ट्रॉयच्या अगदी जुन्या थरांच्या काळातला. म्हणजे ट्रॉयचं युद्ध झालं असेल तर त्याच्याही शेकडो वर्षं आधीचा. एलायुसचे ग्रीक वसाहतकार इथे आले तेव्हा तो आधीच प्राचीन आणि अनाम होता. पलीकडच्या आशियाई किनाऱ्यावर अकिलीसचा ढीग दाखवत, एजॅक्सचा दाखवत. सामुद्रधुनीचं तोंड इथे सुमारे चारच किलोमीटर रुंद आहे, येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक गलबताला दोन्ही काठ दिसतात, थ्युसिडिडीसही इ. स. पू. ४११ च्या आरमारी झटापटीत प्रोटेसिलाओसच्या देवळाची खूण देतो. युरोपच्या काठालाही कुणी तरी हवा होता. ट्रॉयच्या बाजूला मेलेला आणि मायदेशी न पोचलेला एक राजा कथेत शिल्लक होता. एलायुसकरांनी त्याला पाणी ओलांडून आपल्या बाजूला आणलं, जागा दिली, आणि पुढची किमान सातशे वर्षं त्याची पूजा चालवली.